माहूरची शक्ती

नांदेड जिल्ह्याच्या उत्तर टोकाला, जेथे पैनगंगा नदी डोंगरांना वळसा घालीत वाहते, तेथे माहूर हे जुने गाव वसले आहे. नांदेडहून किनवटच्या वाटेने निघाले की काळ्या मातीची सपाट शेते हळूहळू मागे पडतात आणि सागाचे रान सुरू होते. पुढे डोंगर चढू लागतात. सव्वाशे किलोमीटरांहून अधिक वाट चालून गेल्यावर माहूरची शिखरे दिसू लागतात. एक रेणुकामातेचे, दुसरे दत्तात्रेयांचे आणि तिसरे अनसूयामातेचे. जवळच डोंगरमाथ्यावर एका प्रचंड किल्ल्याची तटबंदी पसरलेली आहे.

या गावाविषयी महाराष्ट्रातील लोक पिढ्यान्‌पिढ्या एक गोष्ट सांगत आले आहेत. दत्तात्रेय पहाटे काशीला गंगेत स्नान करतात, दुपारी कोल्हापुरास भिक्षा मागतात आणि रात्री माहुरास निजावयास येतात. हा त्यांचा रोजचा क्रम आहे, असे ते म्हणतात. त्यामुळे माहूर हे दत्तात्रेयांचे निद्रास्थान समजले जाते. याच गावाला रेणुकामातेचे शक्तिपीठ, म्हणजे शक्तीचे आसन, असेही म्हणतात.

शक्तीचे आसन आणि निद्रेचे स्थान! या दोन गोष्टी एके ठिकाणी कशा नांदतात? आणि तेथील शक्ती म्हणजे तरी नेमके काय? शिखराच्या पायऱ्या चढणाऱ्या कोणत्याही चौकस मुलाच्या मनात हे प्रश्न यावेत, असेच आहेत.

प्रथम दत्तात्रेयांच्या प्रवासाचा हिशेब करून पाहू. काशीहून कोल्हापूर सरळ रेषेत मोजले तरी सुमारे १,३०० किलोमीटर भरते. कोल्हापूर ते माहूर पाचशे किलोमीटरांवर आणि माहूर ते काशी सुमारे आठशे किलोमीटर. म्हणजे ही एक फेरी अडीच हजार किलोमीटरांहून मोठी झाली. दिवसाला तीस किलोमीटर चालणारा दमदार वाटसरूही ती जवळजवळ तीन महिन्यांत पुरी करील. मग एका दिवसात ती होते असे सांगणारे आपले पूर्वज अजाण होते काय?

तसे म्हणता येत नाही. ज्या लोकांनी ही गोष्ट सांगितली, ते स्वतः पायी यात्रा करणारे लोक होते. काशी किती दूर आहे, हे त्यांच्या पायांना चांगले ठाऊक होते. काशीला गेलेला माणूस परत येईल की नाही याची खात्री नसे, म्हणून निघताना तो घरच्यांचा कायमचा निरोप घेई. अंतर ठाऊक नसल्यामुळे ही गोष्ट जन्मली नाही. ते फार चांगले ठाऊक असल्यामुळे जन्मली. जे अंतर पायांनी तोडता येत नव्हते, ते लोकांनी मनाने तोडले.

या गोष्टीत आणखीही एक मर्म आहे. घरात न्हाणी असते, स्वयंपाकघर असते आणि निजावयाची खोली असते. या गोष्टीत काशी ही न्हाणी झाली, कोल्हापूर हे स्वयंपाकघर झाले आणि माहूर ही निजावयाची खोली झाली. एवढा विस्तीर्ण देश, त्यात अनेक नद्या, अनेक राज्ये आणि अनेक भाषा. परंतु गोष्ट सांगणाऱ्याने त्याचे एक घर केले. त्या घरात दत्तात्रेय या खोलीतून त्या खोलीत जावे तसे सहज वावरतात. आणि माणूस कोठेही न्हातो, कोठेही जेवतो, परंतु निर्धास्तपणे निजतो तो आपल्या घरीच. माहूरला निद्रास्थान म्हणण्यात ‘हे आपले घर आहे’ असा विश्वास साठवलेला आहे.

शक्तिपीठांची कल्पनाही अशीच आहे. पुराणात अशी कथा आहे की, दक्षाच्या यज्ञात पतीचा अपमान झालेला पाहून सतीने देहत्याग केला. शोकाकुल झालेले शंकर तिचा देह खांद्यावर घेऊन त्रिभुवनात फिरू लागले. तेव्हा विष्णूने आपल्या चक्राने त्या देहाचे भाग केले आणि ते जेथे जेथे पडले तेथे तेथे शक्तिपीठे झाली. अशी पीठे कोणी एक्कावन्न मानतात, कोणी एकशे आठ. महाराष्ट्रातील लोक मात्र आपल्या प्रदेशात साडेतीन पीठे मानतात. कोल्हापूरची महालक्ष्मी, तुळजापूरची भवानी आणि माहूरची रेणुका ही तीन पूर्ण पीठे आणि नाशिक जिल्ह्यातील वणीची सप्तशृंगी हे अर्धे पीठ. ओंकारातही साडेतीन मात्रा असतात, अशी त्याची जोड सांगतात.

नकाशा उघडून ही चार ठिकाणे शोधावीत. कोल्हापूर दक्षिणेला, वणी वायव्येला, माहूर पूर्वेला आणि तुळजापूर मराठवाड्याच्या दक्षिण भागात. आज ही सारी एकाच राज्यात आहेत. परंतु १९५० च्या सुमारास तसे नव्हते. कोल्हापूर आणि वणी मुंबई राज्यात होती, तर तुळजापूर आणि माहूर हैदराबाद राज्यात. त्यापूर्वी, १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत, मराठवाड्यावर निजामाची सत्ता होती. पैनगंगेच्या अलीकडच्या तीरावर निजामाचा अंमल आणि पलीकडच्या तीरावर इंग्रजांच्या कारभाराखालील वऱ्हाड, अशी स्थिती होती. तरीही वऱ्हाडातील यात्रेकरू नदी ओलांडून माहूरला येत आणि देशावरचे यात्रेकरू तुळजापूरला जात. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य झाले. त्याच्या कितीतरी आधी यात्रेकरूंच्या मनात त्याचा एक नकाशा तयार झालेला होता.

भूमीवरील एखादे ठिकाण शक्तीचे केंद्र आहे, असे केवळ आपल्याकडेच मानले गेले असे नाही. प्राचीन ग्रीक लोक डेल्फी या डोंगरी गावाला पृथ्वीची नाभी मानीत. पृथ्वीचे मध्य शोधण्यासाठी त्यांच्या झ्यूस देवाने दोन गरुड दोन दिशांनी सोडले व ते डेल्फीला एकमेकांस भेटले, अशी त्यांची कथा होती. भविष्य जाणून घेण्यासाठी राजेही तेथे येत असत. मनुष्य जेथे जेथे राहिला, तेथे तेथे त्याला आपल्या जगाचे केंद्र कोठे तरी असावे असे वाटत आले आहे.

आता माहूरच्या रेणुकेची कथा पाहू. जमदग्नी ऋषींच्या आश्रमात कामधेनू होती. सहस्रार्जुन राजाला तिचा लोभ सुटला आणि त्या लोभातून जमदग्नींचा वध झाला. त्यांचा पुत्र परशुराम त्या वेळी आश्रमात नव्हता. परत आल्यावर त्याने वडिलांचा देह कावडीच्या एका पारड्यात ठेवला, दुसऱ्या पारड्यात आईला बसविले आणि जेथे पूर्वी कोणाचेही दहन झालेले नाही अशी कोरी भूमी शोधीत तो निघाला. फिरत फिरत तो माहूरच्या डोंगरावर आला. तेथे दत्तात्रेयांनी त्याला थांबविले. परशुरामाने बाण मारून पाणी काढले, दत्तात्रेयांनी पौरोहित्य केले आणि जमदग्नींचा अंत्यसंस्कार झाला. त्याच वेळी रेणुकेनेही देह ठेवला. मातृतीर्थ हे तेथील तीर्थ या कथेची आठवण देते.

आईच्या वियोगाने परशुराम व्याकूळ झाला. तेव्हा आकाशवाणी झाली, ‘तुझी आई भूमीतून वर येऊन तुला दर्शन देईल, परंतु तोपर्यंत मागे वळून पाहू नकोस.’ परशुराम वाट पाहू लागला. पण आईच्या ओढीने त्याला धीर धरवेना. त्याने मागे वळून पाहिले. तोपर्यंत रेणुकेचे केवळ मुख भूमीतून वर आले होते. ते तेवढेच राहिले. म्हणूनच माहूरच्या मंदिरात देवीची पूर्ण मूर्ती नाही. तेथे शेंदूर लावलेले मोठे मुख आहे. अशा मूर्तीला ‘तांदळा’ म्हणतात.

ग्रीक लोकांतही याच्याशी जुळणारी एक कथा आहे. ऑर्फियस नावाचा गायक आपल्या मृत पत्नीला, युरिडिसीला, परत आणण्यासाठी पाताळात गेला. ‘वर पोहोचेपर्यंत मागे पाहू नकोस,’ अशी अट त्याला घालण्यात आली. पण त्यानेही मागे पाहिले आणि युरिडिसी कायमची अंतरली. दोन्ही कथांचा आरंभ सारखाच आहे, शेवट मात्र वेगळा. ऑर्फियसच्या हाती काहीच उरले नाही. परशुरामाला आईचे मुख तरी मिळाले. मुख म्हणजे पाहणारे डोळे, ऐकणारे कान आणि बोलणारी वाणी. मुलाला आईकडून याहून अधिक काय हवे असते? ज्या परशुरामाने परशूच्या बळावर मोठमोठे राजे जिंकले, त्याला आईची क्षणभर वाट पाहणे जमले नाही, हेही या कथेने लपविलेले नाही. बळ असणे आणि धीर असणे या दोन निराळ्या शक्ती आहेत.

बळाची शक्ती पाहावयाची असेल, तर ती माहूरच्या किल्ल्यात दिसते. बहमनी राजे, वऱ्हाडची इमादशाही, निजामशाही आणि मोगल अशा अनेक सत्तांनी हा किल्ला आपल्या हाती ठेवला. प्रत्येकाला वाटले असेल की आपला अंमल आता कायमचा. आज तटाचे दगड निखळले आहेत आणि बुरुजांवर गवत वाढले आहे. त्या सैन्यांची नावेही यात्रेकरूंना ठाऊक नसतात. पण पायऱ्या चढणाऱ्या कोणत्याही आजीबाईला विचारावे, दत्तात्रेय कोठे स्नान करतात आणि कोठे निजतात, हे ती न अडखळता सांगेल. दगडाचा तट ढासळला आणि तोंडातली गोष्ट मात्र टिकली.

माहूरच्या शक्तीची आणखी एक कथा आहे आणि तिचा संबंध आपल्या मराठी भाषेशी आहे. महानुभाव पंथाचे लोक दत्तात्रेयांना पाच कृष्णांपैकी एक मानतात. त्या पंथाच्या परंपरेनुसार फलटणचे चांगदेव राउळ माहूरला आले असता दत्तात्रेयांनी त्यांना वाघाच्या रूपाने दर्शन दिले आणि आपला पंजा त्यांच्या मस्तकावर ठेवला. त्या स्पर्शाने त्यांच्या ठायी शक्ती आली. पुढे चांगदेव राउळांकडून ती रिद्धपूरच्या गोविंदप्रभूंना मिळाली आणि गोविंदप्रभूंकडून चक्रधरस्वामींना. एका दिव्याने दुसरा दिवा लागावा, तशी ही परंपरा आहे.

या शक्तीचे पुढे काय झाले, हे इतिहासाला माहीत आहे. तेराव्या शतकात चक्रधरस्वामी महाराष्ट्रात गावोगाव फिरले. स्त्रिया आणि सर्व जातींचे लोक यांना त्यांनी आपल्याजवळ बसविले आणि त्यांच्याशी ते मराठीत बोलले. त्यांच्यानंतर म्हाइंभट या विद्वान शिष्याने ठिकठिकाणी जाऊन, ज्यांनी स्वामींना पाहिले होते त्यांच्याकडून आठवणी मिळविल्या आणि ‘लीळाचरित्र’ हा ग्रंथ सिद्ध केला. मराठी गद्याच्या आरंभीच्या ग्रंथांत त्याचे स्थान फार मोठे आहे. त्या काळी पंडित लोक संस्कृतातच ग्रंथ लिहीत. पंथाचे आचार्य नागदेव यांच्यापुढे संस्कृताचा प्रश्न आला, तेव्हा त्यांनी नकार दिला. तसे केल्यास आपल्या म्हाताऱ्या बायांना काही कळणार नाही आणि त्या वंचित राहतील, असे त्यांचे म्हणणे होते. वाघाच्या पंजातून निघालेली शक्ती अशा रीतीने म्हाताऱ्या बायांना समजणाऱ्या भाषेपर्यंत येऊन पोहोचली. अमरावती जिल्ह्यातील त्याच रिद्धपूर येथे २०२४ मध्ये मराठी भाषेचे विद्यापीठ सुरू झाले, हेही येथे ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

शक्ती एका ठिकाणी साठवून ठेवण्यापेक्षा ती पुढे देण्यात तिचे सार्थक आहे, हे माहूरच्या चालीरीतींतही दिसते. रेणुकेच्या मंदिरातील प्रसाद म्हणजे तांबूल. विड्याची पाने, सुपारी, कात इत्यादी जिन्नस एकत्र कुटून तो करतात, देवीला दाखवितात आणि मग यात्रेकरूंना वाटतात. देवीच्या मुखीचा विडा सर्वांच्या मुखी जातो. नवरात्रात आणि दत्तजयंतीला येथे मोठी गर्दी लोटते. श्रावणी पौर्णिमेला हजारो लोक डोंगरांभोवती पायी परिक्रमा करतात. त्या दिवसांत पाऊस असतो, वाटा निसरड्या असतात. चढणीवर एकाने हात पुढे करावा आणि दुसऱ्याने तो धरावा, हा तेथील नित्याचा व्यवहार आहे.

येणारे लोकही नानाविध असतात. गोंड, कोलाम, आंध आणि बंजारा समाजांची वस्ती या डोंगराळ भागात आहे. पैनगंगेपलीकडून वऱ्हाडातील शेतकरी येतात. तेलंगण जवळच असल्यामुळे तेलुगू बोलणारे भाविकही येतात. दक्षिणेकडे रेणुकेलाच यल्लम्मा म्हणतात आणि कर्नाटकातील सौंदत्ती येथे तिचे मोठे क्षेत्र आहे. माहुरातच सोनापीर बाबांचा दर्गा आहे आणि जवळच्या वझऱ्याला शेख फरीद यांचे स्थान आहे. तेथील धबधबाही शेख फरीद यांच्याच नावाने ओळखला जातो. एकाच डोंगररांगेत आई, दत्त आणि पीर शेजारी शेजारी नांदतात.

सर्वांनाच माहूरला जाता येते असे नाही. तेव्हा माहूरला घरी बोलावण्याची रीतही लोकांनी काढली. नांदेड-लातूरकडील अनेक घरांत लग्नकार्यानंतर गोंधळ घालतात. गोंधळ्यांमध्ये रेणुराई आणि कदमराई असे दोन वर्ग आहेत. रेणुराई हे माहूरच्या रेणुकेचे आणि कदमराई हे तुळजापूरच्या भवानीचे उपासक. अंगणात चौक मांडला जातो, दिवटी पेटते, संबळ आणि तुणतुणे वाजू लागते आणि गोंधळी गावोगावच्या देवदेवतांना नाव घेऊन त्या घरच्या गोंधळाला येण्याचे आवतण देतो. कोणाचेही क्षेत्र सुटू नये, अशी त्याची काळजी असते. चार हातांच्या त्या अंगणात सारा महाराष्ट्र येऊन बसतो. लातूर जिल्ह्यात रेणापूर येथेही रेणुकेचे जुने मंदिर आहे. ज्यांना माहूर लांब पडते, त्यांना रेणापूर जवळ आहे.

येथे एक कठीण प्रश्न टाळून चालणार नाही. ३० सप्टेंबर १९९३ रोजी पहाटे, चार वाजण्याच्या सुमारास, लातूर जिल्ह्यातील किल्लारी आणि त्या परिसरातील, तसेच शेजारच्या जिल्ह्यातील अनेक गावे भूकंपाने उद्ध्वस्त झाली. लोक गणेशविसर्जन आटोपून गाढ झोपेत होते. सुमारे दहा हजार माणसे प्राणास मुकली. त्यांतील कितीतरी घरांत गोंधळ झाले असतील, कितीतरी लोक तुळजापूर-माहूरची वारी करून आले असतील. मग शक्तिपीठांची शक्ती त्या पहाटे कोठे होती?

या प्रश्नाचे उत्तर शोधताना दोन प्रकारच्या शक्तींची गल्लत करू नये. एक शक्ती निसर्गाची. किनवट तालुक्यात उनकेश्वर येथे गरम पाण्याचे झरे आहेत. रामाच्या बाणाने ते निघाले अशी तेथील कथा आहे. भूगर्भाचे अभ्यासक सांगतात की, खोल झिरपलेले पाणी पृथ्वीच्या पोटातील उष्णतेने तापून पुन्हा वर येते. तीच पृथ्वी किल्लारीला हादरली. भारताचा भूखंड सतत उत्तरेकडे सरकत असतो. त्यामुळे खडकांत ताण साठत जातो आणि एखाद्या क्षणी खडक तुटतो. उनकेश्वरचे ऊन पाणी आपल्यावर प्रसन्न होऊन येत नाही आणि किल्लारीचा भूकंप कोणावर रागावून आला नाही. निसर्गाच्या शक्तीला आप-पर कळत नाही. तिला नवसाने थांबविता येत नाही. अभ्यासाने मात्र तिच्यापासून बचाव करता येतो. किल्लारीकडील घरांच्या भिंती जाड दगड-मातीच्या होत्या आणि वर मातीची जड माळवदे होती. भूकंपाने जमीन हलविली, पण बहुतेकांचे प्राण घेतले ते या कोसळलेल्या भिंतींनी आणि माळवदांनी. गवताने शाकारलेल्या हलक्या झोपड्या मात्र पुष्कळ ठिकाणी उभ्या राहिल्या. घर बांधावे कसे, हे त्या पहाटेने फार मोठी किंमत घेऊन शिकविले.

दुसरी शक्ती माणसांची. भूकंपाची वार्ता पसरताच गावोगावची माणसे, सैनिक, डॉक्टर आणि विद्यार्थी तेथे धावले. भाकरी आल्या, पांघरुणे आली, रक्त देणारे हात आले. बावन्न गावे नव्या जागी पुन्हा वसविण्यात आली. ज्यांनी आपली माणसे गमावली, त्यांनी नव्या घरात पुन्हा चूल पेटविली. धावून येणाऱ्यांनी ‘तुमचे गाव कोणते, जात कोणती’ असे विचारले नाही. सारा देश एक घर आहे, ही कल्पना ज्यांच्या मनात मुरलेली असते, त्यांना अशा वेळी धावून जा असे सांगावे लागत नाही. शक्तिपीठाची शक्ती भूकंप थांबवू शकली नाही. परंतु पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेल्या यात्रा, परिक्रमा आणि गोंधळ यांनी जी आपुलकी जोपासली होती, ती त्या दिवसांत कामास आली.

दत्तात्रेय खरोखर रोज काशीहून कोल्हापूरला आणि कोल्हापूरहून माहूरला येतात काय, हे मोजपट्टीने ठरविता येणार नाही. ज्याची त्याची श्रद्धा ज्याच्या त्याच्याजवळ. परंतु ही गोष्ट ज्यांनी सांगितली आणि ज्यांनी ऐकली, त्यांनी एवढ्या मोठ्या भूमीला आपले घर मानले, हे सत्य आहे. कल्पनेतल्या जगाची किंमत ती आपल्याकडून खऱ्या जगात काय करवून घेते यावरून ठरते. ज्या कल्पनेमुळे माणूस परक्याला हात देतो, ती कल्पना पोकळ नव्हे.

रात्री माहूरच्या शिखरांवर दिवे लागतात. खाली रान काळोखात बुडून जाते आणि पायथ्याशी गाव शांत होते. दिवसभर चढून आलेले यात्रेकरू मोकळ्या जागेत पथाऱ्या पसरतात. कोणी वऱ्हाडचा, कोणी तेलंगणचा, कोणी लातूरचा. शेजारी कोण आहे हे पुष्कळांना ठाऊकही नसते. तरीही उशाशी गाठोडे ठेवून सारे निर्धास्त झोपी जातात.

स्वाध्याय

१. पुढील प्रश्नांची उत्तरे एक-दोन वाक्यांत लिहा.
(अ) माहूरला दत्तात्रेयांचे निद्रास्थान का म्हणतात?
(आ) महाराष्ट्रातील साडेतीन शक्तिपीठे कोणती?
(इ) ‘तांदळा’ म्हणजे काय?
(ई) नागदेवाचार्यांनी मराठीचा आग्रह का धरला?

२. पुढील प्रश्नांची उत्तरे सविस्तर लिहा.
(अ) ‘गोष्ट सांगणाऱ्याने देशाचे एक घर केले’ हे विधान पाठाच्या आधारे स्पष्ट करा.
(आ) परशुराम आणि ऑर्फियस यांच्या कथांतील साम्य व भेद सांगा.
(इ) निसर्गाची शक्ती आणि माणसांची शक्ती यांतील फरक किल्लारीच्या भूकंपाच्या उदाहरणाने समजावून द्या.

३. महाराष्ट्राच्या नकाशात कोल्हापूर, तुळजापूर, माहूर, वणी, रिद्धपूर व किल्लारी ही ठिकाणे दाखवा.

४. ‘बळ’ आणि ‘धीर’, ‘अंतर’ आणि ‘आपुलकी’ या शब्दांचा अर्थ स्पष्ट होईल असे प्रत्येकाचे एक वाक्य तयार करा.

५. आपल्या गावातील एखाद्या डोंगराविषयी, विहिरीविषयी किंवा जुन्या झाडाविषयी घरातील वडीलधारी माणसे कोणती गोष्ट सांगतात, ती विचारून घ्या आणि आपल्या शब्दांत दहा-बारा ओळींत लिहा.